हौसाचा राहिलेला धवला

पेणच्या एस.टी. स्टँडसमोर माझ्या आईचा फोटो लागला, तेव्हा आई रोह्याजवळ वरशाला आमच्या घरी ओटीवर बसून वालाच्या शेंगा सोलत होती. मी पेणला एका डॉक्टरांकडे नर्स आहे. संध्याकाळी रोह्याच्या गाडीची वाट बघत उभी होते आणि सहज वर बघितलं, तर हा भलामोठा फ्लेक्स. नऊ-दहा वर्षांची मुलगी, कपाळावर मुंडावळ्या, ठसठशीत कुंकू, नजर खाली. वर लाल अक्षरांत लिहिलेलं, 'काळेखार गावची शान, बालगायिका व सिनेतारका हौसाबाई यांचा भव्य सत्कार'. खाली गावच्या मंडळाच्या झाडून सगळ्या सभासदांचे फोटो. दोघातिघांनी तर फोटोसाठी गॉगलसुद्धा काढला नव्हता.

माझ्या अंगाची लाही लाही झाली. शान म्हणे! ज्या गावानं या मुलीला मांडवातून उठवलं, तिच्याशी लग्न करायला गावातला एक मुलगा तयार झाला नाही, तिला माहेरच्या एका हळदीला बोलावलं नाही, त्या गावाला आता तिची शान वाटायला लागली होती. आणि फोटो कुठला लावावा? नेमका तोच. ज्या सिनेमानं तिच्या आयुष्याची माती केली, त्यातलाच छापून वर विजेच्या माळा सोडल्या होत्या.

म्हणून हे लिहिते आहे. त्या फ्लेक्सवर जे नव्हतं, ते सगळं.

काळेखार पेणच्या खाडीकडच्या बाजूला आहे. एका अंगाला भाताची शेती, दुसऱ्या अंगाला मिठागरं. माझे आजोबा, सखा, मिठागरात मीठ ओढायचे. आजी आईच्या लहानपणीच वारली, त्यामुळे आईला वाढवलं आजोबांच्या आईनं, धोंडुबाईनं. म्हणजे माझ्या पणजीनं. ही धोंडुबाई गावची धवलारीण होती.

धवलारीण म्हणजे काय, हे रोह्याकडच्या लोकांनाही हल्ली सांगावं लागतं. आमच्या आगरी लोकांत त्या काळी लग्न भटजी लावत नसे, धवलारीण लावायची. ती मांडवात बसून धवला म्हणते. गावदेवीला, खाडीला, सूर्याला, दारच्या आंब्याला, मेलेल्या आजे-पणजांना एकेकाचं नाव घेऊन बोलावते. ते सगळे आले की लग्न लागलं. धवल्याला दोन बायका लागतात. एक पुढची ओळ नेते, दुसरी तीच ओळ मागून म्हणते. एकदा सुरू केलेला धवला मध्ये तोडायचा नाही, कारण वाटेला लागलेल्या देवांना अर्ध्यावरून माघारी कसं धाडायचं? नवरीनं आपल्या धवल्यात तोंड उघडायचं नाही. आणि बाईला धवला जन्मात एकदाच. पुढे काही होऊन तिचं दुसरं लग्न झालं, तर त्याला पाट म्हणायचं. पाटाला मांडव नाही, हळद नाही, धवला नाही.

हौसा पाच-सहा वर्षांची असल्यापासून धोंडुबाईच्या मांडीला मांडी लावून मांडवात बसायची. आधी मागची ओळ म्हणायची. मग धोंडुबाईचा दम पुरेना, तेव्हा पुढची ओळ हौसा न्यायला लागली आणि म्हातारी मागून म्हणायला लागली. एवढीशी पोर देवांना हाका मारते आहे आणि पन्नाशीची बाई तिच्या मागून चालते आहे, हे बघायला शेजारच्या गावांतून बायका यायच्या. आवाज कसा होता, हे मी काय सांगू? सिनेमातल्या एका गाण्यापलीकडे मी तो ऐकलेला नाही. माझ्या जन्माआधीच गावानं तो बंद पाडला होता.

पेणला गणपतीच्या दिवसांत एका मंडळासमोर ती गायली. तिथं मुंबईचा एक सिनेमावाला सिनेमाला लागणारी मूर्ती कारखान्यात सांगायला आलेला होता. त्यानं आवाज ऐकला आणि पत्ता काढत काळेखारला आला. त्याला सिनेमात एक गाणं हवं होतं, मिठागरातल्या मुलीचं. गाणं हौसानं म्हटलं. मग म्हणाला, मुलगी दिसायलाही बरी आहे, हिलाच घेऊ. सिनेमा बालविवाहाविरुद्ध होता. देश नुकता स्वतंत्र झालेला, सगळ्यांना समाज सुधारायची घाई. सिनेमाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. त्याला आणखी एक प्रेक्षक माझ्यामुळे मिळायला नको.

गोष्ट अशी होती की मुलीचं लहानपणीच लग्न होतं, नवरा मुलगा खाडीत बुडून मरतो, आणि मग तिचे हाल. नवरा मुलगा मुंबईहून आणला होता, कमळाकर नावाचा. गोरागोमटा, पायात बूट. चिखल बघून रडायला लागला, असं आई सांगायची.

लग्नाचा देखावा काळेखारलाच घ्यायचा ठरला. दिग्दर्शक साहेबांना सगळं 'अस्सल' हवं होतं. हा शब्द मला तेव्हापासून आवडत नाही. अस्सल मांडव, अस्सल बायका, अस्सल हळद आणि अस्सल धवलारीण. धोंडुबाईला विचारलं, तुम्ही म्हणाल का? आता कुणीही शहाणी बाई म्हणाली असती, की बाबा, धवला हा खेळ नव्हे, दुसरं काही गाणं घे. किंवा चार ओळी इकडच्या, चार तिकडच्या म्हणून वेळ मारून नेली असती. पण मुंबईचा साहेब आपल्यासमोर हात जोडून उभा आहे, हे बघून म्हातारी फुगली. तिनं नातीला खरीखुरी हळद लावली, न्हाऊ घातलं, मुंडावळ्या बांधल्या आणि पदर खोचून मांडवात बसली. हौसा नवरी, तेव्हा तिची जागा रिकामी. तिथं धोंडुबाईनं सरूला बसवलं. सरू हौसाची मैत्रीण, तिच्याच वयाची. गळा बेताचा, पण मागची ओळ म्हणण्यापुरता होता.

धवला सुरू झाला. थोड्या वेळानं साहेबांनी हात वर करून सांगितलं, बास, झालं. कॅमेरा थांबला. माणसं पांगली, कुणी विडी पेटवली, कमळाकर 'भूक लागली' म्हणून भुणभुण करायला लागला. धोंडुबाई थांबली नाही. साहेब हसत जवळ आले. म्हणाले, "आजीबाई, झालं की आमचं काम."

धोंडुबाईनं गाता गाता हातानंच त्यांना बाजूला सारलं. एका बाईनं उठू बघणाऱ्या कमळाकरला खांद्याला धरून खाली बसवलं. आणि म्हातारीनं गावदेवीपासून शेवटच्या पणज्यापर्यंत सगळ्यांना बोलावून, बसवून, धवला पुरा केला. मांडवात सिनेमावाल्यांचं कुणी उरलं नव्हतं. उरल्या होत्या काळेखारच्या बायका, मान खाली घातलेली हौसा आणि रडवेला कमळाकर. शेवटी बायकांनी अक्षता टाकल्या. सवयच ती, हात आपोआप उठले.

साहेबांना वाटलं, म्हातारी हौशी आहे. मंडळी वाजतगाजत निघून गेली. कमळाकर मोटारीत झोपला.

त्या दिवशी कुणीच काही बोललं नाही. हौसाला तर मजा वाटली होती. साडी, हळद, मोटार, सगळ्यांच्या नजरा. हे बोलणं सुरू झालं सिनेमा पेणला लागल्यावर. तंबूतला सिनेमा होता. काळेखारहून बैलगाड्या जोडून सगळं गाव गेलं. बायकांनी पदरात अक्षता बांधून नेल्या होत्या. आपल्या गावातलं लग्न पुन्हा लागणार, मग रिकाम्या हातानं कसं जायचं? पडद्यावर मांडव आला, धोंडुबाईचा आवाज आला आणि तंबूत एकच गलका झाला. बायकांनी उठून पडद्यावर अक्षता टाकल्या. पेणची पोरं शिट्ट्या मारून हसत होती. हौसा कंपनीनं दिलेला फ्रॉक घालून पुढे बसली होती, तिच्या केसांत तांदूळ पडले. तिनं तेव्हा सगळ्यात जास्त आनंद बघितला, असं ती सांगायची.

आणि मग सिनेमात तो मुलगा बुडाला. पडद्यावर एक बाई आली आणि तिनं हौसाचं कुंकू पुसलं. चांगलं मोठं करून दाखवलं होतं, अंगठ्यानं फरपटलेलं कुंकू.

पेणच्या बायकांनी डोळ्यांना पदर लावले, त्यांच्यासाठी तो सिनेमा होता. काळेखारच्या बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. धवला खरा होता. अक्षता खऱ्या होत्या, त्याही दोनदा. मग कुंकू पुसलं ते खोटं कसं? धोंडुबाई उठून बाहेर गेली. परतताना गाडीत हौसाच्या बाजूला कुणी बसलं नाही. ती पोर धोंडुबाईला विचारत राहिली, "आये, माझा गाना आवडला का गो तुमाला?"

कमळाकर मुंबईत धडधाकट होता. बहुतेक भेळ खात होता. हे सगळ्यांना ठाऊक होतं. कुणी त्याला मेला म्हटलं नाही. पण कुंकू पुसलेली नवरी म्हणजे अपशकुन, आणि नवरी खरी होती. इतकं साधं गणित होतं त्यांचं.

पुढच्या लग्नसराईत गावात पहिली हळद लागली. हौसा नेहमीसारखी धोंडुबाईच्या शेजारी जाऊन बसली. नवरीची आई आली आणि उभ्या उभ्या म्हणाली, "धोंडुबाय, हिला उठव. माझे पोरीचे हलदीला ही नको."

आता बघा. इथं एक शब्द पुरेसा होता. धोंडुबाईनं नुसतं म्हणायचं होतं, की अगं, तो धवला खोटा होता, सिनेमाचा होता, मी उगाच म्हटला. सगळं गाव तिच्या शब्दावर चालायचं. हौसा जागेवर बसली असती, गायली असती, म्हातारी होईपर्यंत गायली असती.

धोंडुबाई म्हणाली, "उठ गो हौसा. सरू, तू बस."

रात्रंदिवस हातापाया पडण्याइतके आजोबा सखा काही बोलके नव्हते. मिठागरातला माणूस, दिवसभर पायांच्या भेगांत मीठ. पण त्यांनी आपल्या आईला विचारलं. हे आईनं आतल्या खोलीतून ऐकलं होतं आणि मला शब्दाला शब्द सांगितलं होतं.

"आये, येक डाव गावासमोर सांग, तो धवला खोटा व्हता."

"माझे तोंडातून खोटा धवला आजवर निंगला नाय."

"पोरीचा जलम जातंय गो."

"आन मी खोटा धवला बोलली असा सांगितला, तं मी लावलेली समदी लग्ना काय खोटी? तुझा काय, सखा? तुझा बी मीच लावलाय."

झालं. आपला शब्द राखायला तिनं नातीचा बळी दिला, आणि वर त्याला धर्म म्हटलं. लोक म्हणतात, जुनी माणसं, त्यांच्या समजुती वेगळ्या. मी म्हणते, समजूत वगैरे काही नाही, ताठा होता. गावात कितीजणांच्या कामी आला असेल तिचा शब्द, पण घरात तो एका पोरीच्या गळ्यावर पडला. मी चार-पाच वर्षांची असताना ती वारली. मला तिचं फक्त कपाळ आठवतं, मोठं, गोंदलेलं. मला तिच्याबद्दल कधी माया वाटली नाही आणि आता वाटेल असं दिसत नाही.

आजोबांना वाटलं, गाव नाही तर नाही, मुंबई तर आहे. ते हौसाला घेऊन मुंबईला गेले. दुसरा सिनेमा मिळाला. तिथं काय झालं? साहेबांनी गाणं ऐकलं आणि म्हणाले, आवाज फार गावठी आहे. अस्सल आता नको होतं. गाणं दुसऱ्या बाईनं म्हटलं, हौसानं नुसते ओठ हलवायचे. तिला सांगत होते, आवाज काढू नकोस, घशाची शीर हलू दे फक्त. गाता येणाऱ्या मुलीला गाण्याचं सोंग शिकवत होते. ती शिकली. त्या सिनेमात ती छान ओठ हलवते, मी बघितलं आहे. तिसऱ्या सिनेमाला बोलावलं तोवर ती उंच झाली होती. बघितलं आणि घरी पाठवलं. इतकंच ते सिनेतारकापण. याला मंडळानं निमंत्रणात 'कारकीर्द' असा शब्द छापला होता.

लग्नाचं वय झालं. काळेखारमधून कुणी विचारलं नाही, आसपासच्या गावांतूनही नाही. शेवटी रोह्याजवळ वरशाचं स्थळ आलं. पुंडलिक, माझे वडील. भाताच्या गिरणीत कामाला, बायको वारलेली, वयानं बरेच मोठे. ते म्हणाले, आम्हाला चालेल. आजोबांनी एकच मागणी केली, मांडव घालू, पोरीला धवला होऊ दे. काळेखारनं नाही म्हटलं. हिला धवला झालेला आहे, हा पाट. धोंडुबाई ओटीवर बसून होती, ती तोंडातून अक्षर बोलली नाही. परसात, पत्रावळीच्या ढिगाशेजारी, चार माणसांत माझ्या आईचं लग्न लागलं. म्हणजे लागलं असं म्हणायचं. आई मला नेहमी सांगायची, "मी तुझे बापाशी आली खरी, पन माझा लगीन कुनी लावलाच नाय गो."

वडील वाईट नव्हते. गिरणीच्या आवाजानं त्यांचे कान गेले होते. एकदा मला म्हणाले, "तुझी आई गाणारीण व्हती म्हणतात. मला कधी ऐकायला नाय आलं." त्यांना वाटायचं, आपल्याला ऐकू येत नाही म्हणून. तिनं गायलंच नव्हतं, हे त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही.

ती गायची नाही म्हणजे नाहीच. वालाला पाणी घालताना, भात लावताना, अंगाईसुद्धा नाही. मला झोपवताना ती पाठीवर थापटायची. मी कामावर जायला लागल्यावर तिला म्हटलं होतं, मला तरी शिकव धवला. तिनं स्पष्ट सांगितलं, "नाय. माझे तोंडचा धवला कुनाचे मांडवात जायाचा नाय." तिच्या जागी मी असते तर मीही तेच म्हटलं असतं.

मग तो फ्लेक्स लागला, आणि त्यानंतर दोन दिवसांनी कान्हू आला. कान्हू मंडळाचा अध्यक्ष, आईचा भाचा लागतो. आईच्या चुलतभावाचा मुलगा. गाडीतून उतरला, हातात साडी, नारळ. इतक्या वर्षांत हा आमच्या दारात पहिल्यांदा आला होता, पण असा आत शिरला की जणू कालच जेवून गेला होता.

"आत्या, तुमी तं फेमस. मोबाईलवर तुमचा पिच्चर हाय. मुंबईचे पाव्हने येनार हायत गावच्या मोहत्सवाला. आपली संस्कृती जपाया पायजे कना."

आई शेंगा सोलत होती. म्हणाली, "मंग?"

"तुमी येक धवला बोला स्टेजवर. पिच्चरमंदी निस्ता तुकडा हाय. आता गावात कुनाला येत नाय पुरा."

"सरू हाय ना?"

"सरूआत्याला मागचाच येतं," कान्हू हसत म्हणाला. "जल्मभर धोंडुआजीचे मागून बोलली. आजी गेली, मंग बँड आले, भटजी आले. पुढं नेनारा कुनी ऱ्हायलाच नाय. येक तुमीच."

मी मध्ये पडले. म्हटलं, "आता आठवण झाली का? हिला हळदीतून उठवलं तेव्हा कुठं गेली होती तुमची संस्कृती?"

कान्हू म्हणाला, "ताई, तो जुना जमाना व्हता. आमी कुठं मानतो आता तसला? सोडून द्या ना."

सोडून द्या! ज्यांचं काही गेलं नाही, त्यांना हे बोलणं फार सोपं असतं. मी त्याला नारळासकट बाहेर काढणार होते. पण आई म्हणाली, "येन मी." मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं. कान्हू गेल्यावर मी तिच्याशी भांडले. विचारलं, कशासाठी जायचं? शाल घ्यायला? ती म्हणाली, "माझा काम हाय तितं." यापलीकडे काही सांगेना.

महोत्सवाला मी तिच्याबरोबर गेले. शाळेच्या मैदानात स्टेज बांधलं होतं. मागे पडद्यावर तो सिनेमा, कुंकू पुसायच्या आधीपर्यंतचा. पुढचं कापलं होतं. एवढी तरी लाज. पाहुणे बोलले, कान्हू बोलला, आईला शाल घातली. निवेदक म्हणाला, आता हौसाबाई आपल्याला पारंपरिक धवला ऐकवतील. टाळ्या झाल्या. सगळ्यांनी मोबाईल वर धरले.

आई खुर्चीतून उठली नाही. माईक तिच्यासमोर आणला. सगळ्या मैदानाला ऐकू जाईल अशा आवाजात ती म्हणाली:

"मी बोलते धवला. पुरा बोलते. पन माझा लगीन बिनधवल्याचा हाय, तो तुमीच केलाव. आदी माझा धवला बोला. मंग मी तुमचा बोलते."

पाहुण्यांना वाटलं, कार्यक्रमाचा भाग आहे. ते हसून टाळ्या वाजवायला लागले. म्हाताऱ्या बायकांनी मात्र माना खाली घातल्या. कान्हू आईजवळ येऊन कुजबुजला, "आत्या, नंतर बघू ना." आई त्याच्याकडे बघेना. तेव्हा तो धावत जाऊन सरूला स्टेजवर घेऊन आला. सरू आता पुरती वाकलेली, मोतीबिंदू काढलेले डोळे मिचकावत आईच्या समोर बसली. दोघींनी एकमेकींकडे किती वर्षांनी बघितलं असेल, देव जाणे. सरूनं माईक धरला आणि सुरू केलं.

गावदेवीला बोलावलं. खाडीला बोलावलं. आवाज फाटका होता, पण धवला प्रत्यक्ष मी पहिल्यांदाच ऐकत होते. सूर्यापर्यंत आली, आणि सरू अडखळली. तिनं तीच ओळ पुन्हा म्हटली. पुन्हा म्हटली. पुढची येईना. देव निघालेले होते, अर्ध्या वाटेत होते, आणि त्यांना पुढे आणणारं कुणी नव्हतं. सरूनं आईकडे बघितलं. लहानपणी बघायची तसं, पुढची ओळ मिळावी म्हणून.

"हौसा," ती म्हणाली, "पुढचा दे गो. मी मागून बोलते."

सगळं मैदान आईच्या तोंडाकडे बघत होतं. तिला येत होती. मी तिच्या बाजूला उभी होते, तिच्या गळ्याची शीर हलताना मला दिसली. ओठ हलत होते, एकेक नाव घेत होते. आवाज आला नाही.

सरू रडायला लागली. कान्हूनं माईक काढून घेतला आणि 'तांत्रिक अडचणीमुळे' असं काहीतरी बोलून नाचाचं गाणं लावायला सांगितलं.

आम्ही खाली उतरलो. शाल तिनं खुर्चीवरच ठेवली होती. गाडीत बसल्यावर मी विचारलं, "आई, तुला येत होतं. शिकवायचं नव्हतं तर नव्हतं, पण तिथं तुझाच धवला चालला होता. पुरा झाला असता की तुझा."

आई म्हणाली, "नवरी कधी आपला धवला आपन बोलते का गो?"